पुंजाजीची रेघ

प्रिय दीक्षा,

सप्रेम जयभीम. तुझं पाकीट मिळून एकोणीस दिवस झाले. बाबांच्या अक्षरांवरून तू कॉम्प्युटरसाठी केलेल्या ‘पुंजाजी’ फाँटची पुस्तिका छापायला जायची आहे आणि पहिल्या पानावर ‘बाबांच्या हाताविषयी’ मी लिहावं, असं तू म्हणतेस. वीस वर्षं त्याच्या शेजारच्या शिडीवर उभा राहिलेला दुसरा कोण आहे, हेही खरंच. दर रविवारी हिंगोलीच्या पेपरात पुढाऱ्यांची सालं सोलायला मला पाऊण तास पुरतो. हे एक पान मात्र होईना. लिहायला बसलं की तुझा बाप मागे येऊन उभा राहतो आणि टर्पेंटाइनचा वास येतो. मी भुतं मानत नाही, तुला ठाऊक आहे. त्यांनाही ठाऊक असावं, म्हणून माझ्याकडे ती नुसत्या वासानं येतात.

आठ महिन्यांपूर्वी तू फाँट फुकट सोडलास, तेव्हापासून पुंजाजी पेंटर जेवढं लिहून राहिला तेवढं त्यानं जिवंतपणी कधी लिहिलं नव्हतं. वारंगा फाट्यावरच्या फ्लेक्सवाल्याला ‘फुकट’ एवढा शब्द पुरे. ज्या माणसानं एका भावी आमदाराला ‘आज हात दुखतो’ म्हणून परत पाठवलं होतं, तो आता अठरा भावी आमदारांना वाढदिवसाच्या शुभेच्छा देतो. बाळापूरचे सटवाजी वारले, तर चौकात त्यांना भावपूर्ण श्रद्धांजली पुंजाजीदादाच्याच अक्षरात. दोघं वीस वर्षं एकमेकांशी बोलत नव्हते. मेल्यावर माणूस मोठ्या मनाचा होतो म्हणतात, त्यातलाच प्रकार. अशा फ्लेक्सखालून जाताना मी मान खाली घालतो. लोकांना वाटतं, उस्तादाची आठवण आली.

तुझ्या पानाची मी अगदी सुरुवातीपासून सुरुवात केली होती. तू जन्मायच्या आधी दादा हिंगोलीच्या एका छापखान्यात खिळे जुळवायचा. शिशाचा एकेक खिळा, त्यावर उलटं कोरलेलं अक्षर, लाकडी खणातून उचलून ओळीत लावायचं. ते खिळे कोरणाऱ्या कारागिरांना तो फार मानायचा. आपल्या लिपीच्या काना-मात्रा-वेलांट्या शिशात बसवायच्या म्हणजे चेष्टा नव्हे, म्हणायचा. एक गोष्ट मात्र त्याला सोसत नव्हती. दोन खिळ्यांच्या मधे अक्षरांच्या डोक्यावरची रेघ तुटायची. लग्नपत्रिका असो की निधनाची बातमी, नावावर बारीक बारीक फटी. “नाव तुटल्यावाणी दिसते रे,” म्हणायचा. त्या फटींपायी त्यानं छापखाना सोडला आणि ब्रश धरला. आमच्या कामाचा नियमही तिथूनच पडला. अक्षरं कुणीही भरावीत, पण रेघ शेवटी, उस्तादानं, या टोकापासून त्या टोकापर्यंत एका श्वासात. पुसेगावच्या सोसायटीचं नाव इतकं लांब होतं की खाली उभ्या चेअरमनचाही श्वास अडकला होता.

एवढं लिहिलं आणि पुढं हात चालेना. कारण पुढं तू येतेस.

गेल्या उन्हाळ्यात तू कॅमेरा आणि मोजपट्टी घेऊन आलीस. सात दिवस आपण दोघं माझ्या मोटारसायकलवर दादाचे बोर्ड हुडकत हिंडलो. जुने सगळे उन्हानं पुसलेले, नाहीतर फ्लेक्सखाली गाडलेले. सापडले अकरा. अकराही त्याच्या शेवटच्या दोन वर्षांतले. पिठाच्या गिरणीवर चढून तू ‘क’च्या पोटावरून बोट फिरवलंस आणि म्हणालीस, बाबांचा हात किती ठाम होता. मी शिडी धरून होतो. शिडी धरणाऱ्यानं बोलू नये, असा काही नियम नव्हता. तरी मी बोललो नाही. पुण्याला गेल्यावर तुझा फोन आला. सगळ्या बोर्डांवरची रेघ हललेली दिसते काका, पत्रे उन्हानं वाकलेत, फाँटमधे मी ती सरळ करून घेतली. मी म्हणालो, बराबर केलंस.

तो शब्द माझ्या मानेवर बसला आहे.

मागच्या महिन्यात तुझ्या आईला, रुक्मावहिनींना, दवाखान्यातून घेऊन येत होतो. वारंगा फाट्यावर गाडीची वाट पाहत उभे होतो, तर समोर घराएवढा फ्लेक्स. वहिनींना वाचता येत नाही, पण मला वाटलं, बरं वाटेल. म्हणालो, वहिनी, दादाचं अक्षर बघा, आपल्या दीक्षानं कॉम्प्युटरात घातलंय. त्यांनी डोळ्यांवर हात धरून बराच वेळ पाहिलं. दोन ट्रक गेले. मग माझ्याकडे न बघता म्हणाल्या, “अक्षरं तर तुमची हायत, भाऊजी. ह्यांची रेघ कुठं गेली?”

मला वाटत होतं, हे जगात दोघांनाच माहीत आहे आणि त्यातला एक वारला. वहिनी रोज संध्याकाळी त्याच्या मनगटाला तेल लावायच्या, हे मी विसरलो होतो.

तर ऐक. तू कॉलेजला पुण्याला गेलीस त्याच वर्षी त्याचा उजवा हात थरथरायला लागला. नांदेडच्या डॉक्टरनं आजाराला इंग्रजी नाव दिलं आणि गोळ्या दिल्या. दोन्हीचा उपयोग झाला नाही. तो मला एवढंच म्हणाला, “रत्ना, पोरीला कळू देऊ नको. ती कालेज सोडून येईन.” तू सुट्टीला आलीस की हात मांडीखाली दाबून बसायचा. बाबांनी चहा सोडला म्हणून तू खूश झाली होतीस, आठवतं? कप धरता येत नव्हता, पोरी. तेव्हापासून बोर्डावरची सगळी अक्षरं माझी. आखणी माझी, वळण माझं, ते ‘क’चं पोटही माझंच. कोपऱ्यातलं ‘पुंजाजी आर्ट्स’सुद्धा मी लिहायचो. रेघ मात्र त्यानं सोडली नाही. डाव्या हातानं उजवं कोपर धरायचा, श्वास कोंडायचा आणि ओढायचा. पाण्यावरून वारा गेल्यागत तिच्यात बारीक लहर उठायची. ढाबेवाला नेमसिंग एकदा म्हणालाच, पुंजाजी, लाईन हलू राहिली. तर हा शिडीवरूनच, “ट्रक जाऊन राहिले ना समोरून. पत्रा हलते.”

आता तूच बघ काय झालं. त्या अकरा बोर्डांवर तुझ्या बापाचं असं जे काही होतं, ते तू वाकलेला पत्रा समजून सरळ केलंस. जे त्याचं नव्हतं, त्याला त्याचं नाव दिलंस. यात तुझी चूक नाही. तू विचारलं होतंस आणि मी बराबर म्हणालो होतो. मेलेल्याचं भूत एक वेळ समजतं. मी तर जिवंत आहे, आणि माझा हात माझ्याशिवाय जिल्हाभर हिंडून राहिला, कुणाकुणाला शुभेच्छा देऊन राहिला, मेलेल्या माणसाच्या नावानं.

अक्षरांवर हक्क सांगायला हे लिहीत नाही. नाव त्याचंच राहू दे, ते बोर्डाच्या कोपऱ्यात मीच घातलेलं आहे. हे लिहिलं ते वेगळ्याच गोष्टीसाठी. गुरुवारी रुक्मावहिनी पुण्याला येतील. त्यांच्या पिशवीत जुन्या साडीत गुंडाळलेला वीतभर पत्रा आहे. तू कॉलेजात असताना तुझ्या हॉस्टेलच्या खोलीच्या दारावर लावायला त्यानं लिहिलेलं तुझं नाव. त्या दिवशी त्यानं मला अंगणात हाकललं आणि भर दुपारी एकटा बसला. बारा वेळा लिहिलं, बारा वेळा रॉकेलनं पुसलं, तेरावं ठेवलं. अक्षरंही त्याची, रेघही त्याची. वाळल्यावर माझ्या हातात दिला आणि म्हणाला, “देऊ नको तिला. पोरी हसतील.” मी सात वर्षं पेटीत ठेवला. ‘क्ष’ची गाठ सुटलेली आहे आणि रेघ इकडून तिकडं जाईस्तोवर चार ठिकाणी थरथरते. तुझ्या पुस्तिकेचं पहिलं पान हवं होतं ना, ते हेच समज. फक्त एक सांगतो. पत्रा वाकलेला नाही. मी पट्टी लावून पाहिलंय.

तुझाच,
रत्नपालकाका
आखाडा बाळापूर