अखाजीला दारात पोलीस

१ एप्रिल १९९३, सिल्वासा

आज परत कंपनीच्या गेटवर उभा! कारभारी, माझा सख्खा भाऊ. सोबत दोन दांडगे. सगळ्या बायकांसमोर म्हणाला, ममता, मुकाट्यानं घरी चल, नाहीतर त्याच्यासकट तुला दमणगंगेत सोडतो. 'तो' म्हणजे समाधान, माझा नवरा. जात वेगळी, एवढाच त्याचा गुन्हा. मी म्हटलं, लग्न रजिस्टर केलंय, कुणाच्या बापाला भीत नाही.

चौकीत गेलो. साहेब म्हणे, घरचा मामला आहे, घरात मिटवा. घरात मिटला असता तर इथे कशाला आलो असतो मेल्या! तोंडावर नाही म्हणाले.

८ एप्रिल

मुंबईहून परतलो. हायकोर्टात वकीलबाईंनी सांगितलं, पोरीच्या जिवाला धोका आहे. जजसाहेबांनी मलाच विचारलं, भीती कोणाची? "भावाची" म्हणताना जीभ जड झाली. हुकूम मिळाला — दारावर पोलीस! बाहेर येऊन रडले. समाधानला वाटलं, आनंदानं. मी त्याचं मन मोडलं नाही.

१२ एप्रिल

पोलीस आला. बारकू नाव, खानवेलकडचा. ओट्यावर खुर्ची टाकून बसतो, चहाला नाही म्हणत नाही. शेजारणी मला मंत्रीणबाई म्हणायला लागल्यात. हसू देत.

त्यानं विचारलं, ताई, आत कोणाला सोडू, कोणाला नको? माझं डोकं फिरलेलंच होतं. म्हटलं, माहेरचं एकही माणूस नको.

१९ एप्रिल

अखाजी, आमची अक्षय्य तृतीया, तोंडावर आली. कंपनीतल्या आमच्या खानदेशातल्या सगळ्या पोरी सुट्टी टाकून निघाल्या. सासरच्या पोरीला या सणाला माहेरी न्यायला भाऊ मुऱ्हाळी येतो. सोनम तर आजपासूनच बॅग भरून बसलीय, तिचा भाऊ उद्या येणार. मला विचारते, तू कधी निघणार गं? काय सांगू? माझाही मुऱ्हाळी येऊन गेला की — गेटवर!

आई आत्ता काय करत असेल? घागर घासत असेल. चूल पेटवून खापर तापवत असेल. पुरणाचा मांडा दोन्ही हातांवर असा फिरवते की कोपरापर्यंत येतो. लिंबाला झोका बांधला असेल का? मी नाही तर कोणासाठी बांधतील?

आई, मला तुझ्याकडे यायचंय गं. तू एक शब्दसुद्धा पाठवला नाहीस. तूही त्यांच्यातच मिळालीस का?

२१ एप्रिल

भात करपला. समाधाननं तसाच खाल्ला.

२४ एप्रिल, अखाजी

सणाची सुट्टी नव्हती मला. पाळी संपवून आले तर बारकू उठून पुढे आला. म्हणाला, ताई, सकाळपासून एक म्हातारी समोर चिंचेखाली बसलीय. कंपनीच्या बायकांना विचारत विचारत आली म्हणे. तुमच्या माहेरची म्हणते, म्हणून आत सोडली नाही. पाणी दिलं.

आई!

एकटीच. लुगड्याचा पदर डोक्यावरून घट्ट ओढलेला. आजच्या दिवशी लेक आईच्या दारात जाते, आणि माझी आई माझ्या दाराबाहेर उन्हात बसली होती, माझ्याच सांगण्यावरून. मी पायांवर पडले. ती मला उठवेना, नुसती डोक्यावरून हात फिरवत राहिली. बारकू बिचारा तिकडे तोंड करून उभा.

आज मला जगात काही नको.

२५ एप्रिल

आईला न्हाऊ घालताना पाठ दिसली. वळच वळ. लेकीची बाजू घेतली म्हणून कारभारीनं मारलं.

मी रडायला लागले, तर तीच मला म्हणाली, "माले परत जानं नही. तुन्हा कोरटना कागदवर मन्हं बी नाव टाकी दे."