दहा फक्त प्रभूला

मंगळवार, २१ जानेवारी. सकाळी सहा वाजून दहा मिनिटं.

वेळ मुद्दाम लिहिते आहे. गुन्हा याच वेळी घडला!

खुब्याचं ऑपरेशन होऊन आज दुसरा दिवस. नर्स दिविना आली. "शून्य ते दहा — किती दुखतंय, मॅडम?" मी तोंड उघडायच्या आत शेजारच्या स्टुलावरून सोलिंग म्हणाली, "शून्य! आमची मानांग कधी कण्हत नाही!"

सोलिंग म्हणजे माझी धाकटी बहीण (मानांग म्हणजे ताई, म्हणजे मी), आणि इथली माझी सोबतीण. या वॉर्डात प्रत्येक रोग्याला घरचं एक माणूस लागतंच — भरवायला, पुसायला, औषधं आणायला. रोग्याच्या वतीने बोलायलाही लागतं, हे आज कळलं. शून्य! मी दात असे आवळले होते की कवळी मोडायची राहिली. पण समोरच्या चारही कॉटवरून "वा! वा!" आल्यावर मी "खोटं आहे" कोणत्या तोंडाने म्हणणार?

तापाची गोळी मिळाली. खुब्यात खिळे ठोकलेल्या बाईला तापाची गोळी!

मग व्यायामवाला आला. उभी करायला गेला. मी अर्धी उठले आणि पोत्यासारखी पडले. दुपारी मनिलाहून भाच्याचा फोन. "आत्या, घरचा जिना चढता आला नाही तर तू माझ्याकडे आणि सोलिंग आत्या सेबूला माझ्या बहिणीकडे, लुर्देसकडे." म्हणजे हारोमधलं आमचं घर बंद, दोन म्हाताऱ्या दोन बेटांवर! साठ वर्षं आम्ही एका टेबलावर भांडतो आहोत. आता मी भांडू कुणाशी — त्याच्या लिफ्टशी?

सोलिंग माझ्यासाठी आणलेली गरम पाण्याची पिशवी स्वतःच्याच मांडीवर घेऊन बसली होती. विसराळू!

बुधवार, २२

आज आधीच बजावलं, "सोलिंग, एक शब्द बोललीस तर तुझा बाटचॉय, शेवयांच्या सुपाची अख्खी वाटी, नर्सला देईन."

"दे. मला नकोच आहे," म्हणाली. उद्धट!

दिविनाने विचारलं. मी मान ताठ करून सांगितलं, "तीन."

"कळ आल्यावर चादर मुठीत धरता, मॅडम. आणि तीन?"

मग तिला समजावून सांगावं लागलं. शाळेत मदर सुपिरिअरने आम्हाला शिकवलं होतं — दहा फक्त क्रुसावरच्या प्रभूला. नऊ त्याच्या आईला. आठ-सात हुतात्म्यांना. बाथरूममध्ये साबणावरून घसरलेल्या निवृत्त मास्तरणीला तीन पुष्कळ झाले.

दिविना हसली नाही. पेन खिशात ठेवून म्हणाली, "मॅडम, प्रभूला आमच्या वॉर्डात भरती केलेलं नाही. इथे फक्त तुमचं मोजतोय. खोका बघू."

खोकले. डोळ्यांपुढे तारे!

"आता पाय जरा बाजूला घ्या."

घेतला. आणि ननांनी कधीच न शिकवलेला एक स्पॅनिश शब्द माझ्या तोंडून गेला. पलीकडच्या कॉटवरच्या आजीने क्रुसाची खूण केली.

"हे तीन?"

"... आठ."

"शाब्बास!" म्हणाली. मला! चाळीस वर्षं शाब्बास मी वाटली आहे, कुणी मला दिली नव्हती. "चारच्या खाली सांगितलंत तर कडक औषध देता येत नाही, मॅडम. आणि औषधाशिवाय तुम्ही उभ्या राहणार नाही. इथे सहनशक्तीला बक्षीस नाही!"

सुई दिली. गुडघ्यांमध्ये उशी, खुब्यावर बर्फाची पिशवी. आणि अर्ध्या तासाने पुन्हा हजर! "आता किती?" दोन. खरेखुरे, बिनपापाचे दोन!

गुरुवार, २३

वा! वा! वा!

व्यायामवाला यायच्या अर्धा तास आधी औषध, अशी दिविनाची युक्ती. उभी राहिले! चालले! खिडकीपर्यंत! तिथून मोटारी पाहिल्या, सगळ्यांना हात केला. व्यायामवाल्याला सांगितलं की त्याचे खांदे फार देखणे आहेत. ते औषध बोललं, मी नाही. त्याने माझा हात अजिबात सोडला नाही, हेही नोंदवून ठेवते.

सोलिंग हसता हसता कूस धरून वाकली. "पुरे ग मानांग, पुरे!" तिचा बाटचॉय आजही तसाच. मीच दोन्ही वाट्या संपवल्या. काय भूक लागते आहे!

शुक्रवार, २४

जिना! चढले! उतरले! भाच्याला फोनवर कांदेलारिया मातेचं भजन पूर्ण ऐकवलं. दोन तारखेला तिच्या सणाची मिरवणूक आमच्याच खिडकीखालून जाणार, आणि खिडकीत आम्ही दोघी!

शनिवार, २५. सकाळ.

सामान बांधून झालं. सोलिंग बॅग उचलायला वाकली ती वाकलेलीच राहिली. मला अजून चेष्टा सुचत होती. दिविनाचा आवाज काढून म्हटलं, "शून्य ते दहा — किती दुखतंय, मॅडम?"

"शून्य," सोलिंग म्हणाली.

"खोकून दाखव."

ती खोकेना. चादर मुठीत धरली होती तिने. माझी.

"नऊ," म्हणाली. दुखणं नाताळाच्या आधीपासून. "मला कोण विचारणार होतं, मानांग? मी तर सोबतीण."

शनिवार, दुपार

बॅग सोडली. कॉटवर सोलिंग. स्टुलावर मी. मोठ्या डॉक्टरांना कळवलं आहे : माझ्या बहिणीला काय झालं आहे ते सोमवारी दुपारी बाराच्या आत मला लेखी हवं.