वरच्या फांद्यांवरची फळं

३ नोव्हेंबर
शिडीच्या सातव्या पायरीवर गुडघ्याने दगा दिला. परसातल्या पर्सिमनच्या झाडाची वरची केशरी फळं तशीच राहिली. शेजारची हात्सुयो कुंपणापलीकडून म्हणाली, "राहू द्या की तोमेजीसान. पाखरांना उपाशी मारायचंय का?" उतरवलेली चारशे सोलली, दोऱ्यांना बांधून वळचणीला वाळत टांगली. बोटं तुरट रसाने काळी झाली आहेत.

८ नोव्हेंबर
अस्वलाने हात्सुयोला फाडलं. सकाळी, तिच्याच घरामागे. किंकाळी ऐकून पातेलं बडवत धावलो. तोवर ते डोंगराकडे पळालं होतं. तिचा चेहरा — नाही लिहवत.

९ नोव्हेंबर
तिचा डावा डोळा गेला.
वाडीप्रमुख मोरोझुमी आला. माझ्या झाडाकडे बघत राहिला. "झाडावर फळं ठेवू नका, अस्वलं खाली उतरतात — पत्रक घरोघर वाटलं होतं, तोमेजीसान." वाचलं होतं मी. दोनदा.

१५ नोव्हेंबर
तीन दिवस कोमट पाऊस. टांगलेल्या फळांवर हिरवी बुरशी. दारूत भिजवलेल्या फडक्याने पुसली तर निम्मी वाचतील. हात लावला नाही. सडू देत.

२० नोव्हेंबर
बसने इस्पितळाच्या दारापर्यंत गेलो. आत पाऊल टाकवेना. कुठल्या तोंडाने जाऊ? पुढच्या बसने परत.

२४ नोव्हेंबर
झाड तोडून घेतलं. पणजोबांनी लावलेलं. करवतवाल्याने विचारलं, "नक्की ना, आजोबा? चांगलं धरतंय अजून."
"तोड."
अर्ध्या तासात आडवं. वरची फळं चिखलात फुटली. गाभा काळाभोर निघाला, क्वचितच मिळणारं मोलाचं लाकूड; मला ठाऊकच नव्हतं. दुपारभर ओसरीवर बसून होतो. जेवलो नाही. कुणासाठी रांधायचं आणि कशाला.

२९ नोव्हेंबर
हात्सुयो घरी आली. अर्धा चेहरा पट्टीत. बुंधा बघून मटकन खाली बसली. "हे का केलंत?" मी माफी मागायला वाकलो, तर तिने खांदा धरला.
"अस्वल तुमच्या झाडाकडे आलंच नव्हतं. मुळ्याच्या लोणच्यात घालायला मी पर्सिमनच्या साली घरामागे वाळत टाकल्या होत्या. त्या खात बसलं होतं. मी झाडू घेऊन हुसकायला गेले." मग खाली बघत, "लाजेने कुणाला बोलले नाही."
मी चहा ठेवला.