बॅच चारशे बारा, पाटीसकट

बदलापूर (पूर्व),
रविवार, २० फेब्रुवारी १९९४

चि. बबन यास,
दादाचा जय भीम.

तू गेल्यापासून या दोन हातांनी काय काय केलं ते आधी लिहितो, म्हणजे मी रिकामा बसलो नव्हतो हे कळेल. बदलापूरला घर घेतलं, त्याची मोरी मी स्वतः बांधली. फुटाला पाव इंच उतार, थेंब साचत नाही. स्वयंपाकघरातली दोन फडताळं, खिळा न मारता, खाचा पाडून. आईच्या फोटोची सागवानी चौकट. तुझ्या बकुळावहिनीच्या शिलाई मशीनची पायाखालची फळी. गच्चीवरच्या टाकीचं झाकण, कारण बिल्डरने टाकी दिली आणि झाकण विसरला. आणि एकतीस चित्रं.

चित्रं हा शब्द वाचून हसला असशील. हस. पण ती एकतीसच्या एकतीस मुंबईत मोठ्या गॅलरीत आठ दिवस टांगली होती, आणि खाली नाव होतं भगवंत सोनू शेजवळ. नववी नापास.

घरी सगळे बरे. बकुळाचा गुडघा दुखतो, तोंड मात्र शाबूत आहे. सुहासिनीला आणि मुलांना आशीर्वाद. तुझा नाशिकरोडचा पत्ता तिच्या माहेरून आणला. त्यांनी मला चहा विचारला नाही, पत्ता मात्र दिला. अकरा वर्षांनी आलेल्या माणसाला तेवढं पुष्कळ.

तुला आपल्या डाईंगचं काम माहीत आहे, तरी फोड करून लिहितो, कारण पत्र सुहासिनीही वाचेल. गिऱ्हाईक कापडाचा तुकडा देतं, तो नमुना. आपण त्या रंगाचा माल काढायचा. मी चिठ्ठीवर लिहून द्यायचं, कुठला रंग किती ग्रॅम. तू काट्यावर तोलून द्यायचंस. माल निघाला की मी नमुना आणि माल शेजारी धरून बघायचं, उत्तरेच्या खिडकीशी, सकाळी दहा ते बारा. जुळला तर पास. उल्हासनगरात तेव्हा माझ्या डोळ्यावर लाखाचा माल सुटायचा. हे मी फुशारकीने लिहीत नाही, आपल्या मालकांना, लछूसेठला विचार.

चित्रं त्यातूनच निघाली. पास झालेल्या प्रत्येक मोठ्या मालाचा दोन फुटी तुकडा मी ठेवायला लागलो. प्लायवर डावीकडे नमुन्याच्या रंगाचं कापड, उजवीकडे माल, मधली शिवण सरळ. चिकटवायला मैद्याची खळ, त्यात चिमूटभर मोरचूद, म्हणजे झुरळ लागत नाही. पाठीवर तारीख, बॅच नंबर, रंगांची वजनं, आणि कुठल्या उजेडात पाहिलं ते. बकुळा म्हणायची, "दोन फडकी शेजारी चिकटवता चिकटवता माणूस पन्नाशीला आला! एखादा मोर तरी काढा." मी म्हणायचो, मोर रानात आहेत की.

गेल्या दिवाळीआधी मुंबईच्या तेलंग बाई आमच्याकडे पडद्याचं कापड रंगवायला आल्या. त्यांची गॅलरी आहे. रंग जुळवायच्या शेडरूममध्ये भिंतीवर माझी चित्रं. बाई पडदे विसरल्या. अर्धा तास उभ्या. मग म्हणाल्या, "शेजवळ, हे प्युअर नॉन-फिगरेटिव्ह आहे. कुठे शिकलात?"

मी म्हणालो, "ड्रमांवरची लेबलं वाचून."

त्यांना वाटलं मी विनोद केला.

तो शब्द मी चिठ्ठीवर लिहून घेतला आणि रविवारी अंबरनाथच्या वाचनालयात जाऊन जाडा कोश काढला. त्याचे दोन उपयोग दिले होते. चित्राबद्दल म्हणायचं तर, ज्यात माणूस, झाड, घर असं ओळखीचं काही काढलेलं नाही ते. बोलण्याबद्दल म्हणायचं तर, ज्यात उपमा नाही, अलंकार नाही, शब्दाचा जो अर्थ तोच धरायचा ते. मराठीत पहिल्याला अमूर्त म्हणतात, असं ग्रंथपालांनी सांगितलं. तो शब्द मला पटला नाही. माझं एक चित्र प्लायसकट दोन किलो शंभर ग्रॅम भरतं, हाताला लागतं, अमूर्त कसं? पण कोशातला दुसरा उपयोग वाचला आणि मी तिथल्या बाकावर बसून राहिलो. कारण बबन, मला तसं बोलता येत नव्हतं. चित्रं करत होतो तशी आणि बोलत होतो गुंडाळून. एका बाबतीत तर बोलतच नव्हतो.

आता ते लिहितो. मध्ये थांबू नकोस, पुढे वाच.

जून १९८३. शाळेच्या गणवेशाचं निळं कापड, बॅच ४१२. नेहमीचा निळा संपला होता. लछूसेठ बाहेरगावी. मी दुसऱ्या कंपनीचा निळा घेतला, त्यात जांभळ्याचा हात दिला आणि चिठ्ठी बदलून तुला दिली. तू म्हणालास, "दादा, हे आकडे रोजचे नाहीत." मी म्हणालो, "मास्तर तू का मी?" तू तोललंस. ग्रॅमलाही चुकला नाहीस. माल निघाला संध्याकाळी सातला. गिऱ्हाइकाचा टेंपो दारात. मशीनवरचा किसन म्हणाला, "मास्तर, सकाळी खिडकीत बघू की, एक रात्र थांबेल टेंपो." मी सगळ्यांसमोर म्हणालो, "माझ्या डोळ्याला ट्यूब काय नि सूर्य काय, सारखंच." आणि ट्यूबलाइटखाली धरून पास केला. तिथे दोन्ही तुकडे एकच दिसत होते. वेगळ्या मसाल्याचे दोन रंग ट्यूबखाली एक दिसतात आणि उन्हात फुटतात, हे शिकाऊ पोरालाही सांगतात. मी इतरांना सांगत होतो.

पंधरवड्याने शाळेच्या पटांगणात मुलं उभी राहिली, जुन्या कापडातली निळी, नव्यातली जांभळट. अख्खा माल परत आला. लछूसेठने विचारलं, "ये किसने बिगाड़ा?" कोणीतरी म्हणालं, वजनात घोळ असेल. मी काही बोललो नाही. तू ड्रम उलटे केलेस, केरात हात घातलास, चिठ्ठी शोधत होतास. "दादा, तुझी चिठ्ठी होती, मी तसंच तोललं, तू सांग ना यांना." मी म्हणालो, "बघ, असेल कुठेतरी."

ती माझ्या शर्टाच्या खिशात होती.

तुझी नोकरी गेली. 'वजनात हात कच्चा' ही गोष्ट उल्हासनगरच्या पाचही कॅम्पांत पसरली आणि तुला कुठल्याच डाईंगने उभं केलं नाही. तू नाशिकला वॉचमन झालास. आई जायच्या दोन दिवस आधी मला म्हणाली, "बबन्याचं मन सोन्याचं, फक्त हात कच्चा." मी तिला चमच्याने पाणी पाजत होतो. पाजत राहिलो.

हे झालं. पुढचं ऐक, कारण पुढे मी जिंकलो आहे.

तेलंग बाईंनी तीस चित्रं निवडली. मी म्हणालो, एकतिसावं आहे, ते घेणार असाल तर बाकीची देतो. ते मी नव्याने केलं होतं. डावीकडे शाळेचा मूळ नमुना, उजवीकडे ४१२चा तुकडा; दोन्ही मी ट्रंकेत ठेवले होते, का ते विचारू नकोस. पाठीवर ती चिठ्ठी चिकटवली, माझ्या अक्षरातली. आणि समोर पाटी, टाइप करून:

"बॅच ४१२. डावीकडे नमुना, उजवीकडे माल. रंग मी बदलला. संध्याकाळी सात वाजता ट्यूबलाइटखाली मी पास केला. बबन सोनू शेजवळ याने वजन बरोबर केलं होतं. चिठ्ठी माझ्याकडे होती. भगवंत शेजवळ."

चार तारखेला, उद्घाटनाच्या आदल्या दिवशी, मी आणि किसन पोचलो तर पाट्या बदललेल्या. एकाला 'व्यथा', एकाला 'मौन', एकाला 'अनंत'. ४१२च्या खाली 'द्वैत'.

मी विचारलं, "द्वैत कोण?"

बाई म्हणाल्या, "अहो शेजवळ, तुमची पाटी फार शब्दशः होती. तक्रारअर्ज वाटतो तो. अमूर्त चित्राखाली इतकं स्पष्ट लिहीत नाहीत. बघणाऱ्याला त्याचं त्याचं काही वाटू द्या. आणि खरं सांगू का, यात तर एकच निळा आहे. दोन रंग आहेतच कुठे?"

त्यांची चूक नव्हती. गॅलरीत सगळ्या ट्यूबा. त्यांच्याखाली ते दोन तुकडे आजही एकच दिसतात, मला अकरा वर्षांपूर्वी दिसले तसे.

घड्याळ पाहिलं. पावणेबारा. गॅलरीच्या मागे काचेचं दार होतं, बाहेर उघडा चौक. मी म्हणालो, "किसन, उचल." आम्ही चित्र भिंतीवरून काढलं. "अहो, अहो, काय करताय!" म्हणत बाई मागे, त्यांच्यामागे दोन सुतार, एक फोटोग्राफर, सरबत आणणारा. दार उघडून चित्र उजेडात धरलं.

शिवणीवरून रंग फुटला. डावीकडे निळा तो निळाच राहिला आणि उजवीकडचा चढत चढत जांभळा झाला, सगळ्यांच्या डोळ्यांदेखत. सुतार म्हणाला, "च्यायला!" आम्ही परत आत नेलं, एक. बाहेर आणलं, दोन. तिसऱ्यांदा बाई स्वतःच म्हणाल्या, "थांबा, मला धरू द्या." त्यांनी स्वतःच्या हातांनी ते आत-बाहेर केलं, लहान मुलीसारखं. मग माझी टाइप केलेली पाटी मागितली, उजेडातच उभं राहून शेवटपर्यंत वाचली, आणि चष्मा पुसत म्हणाल्या, "म्हणजे हे जे लिहिलंय तेच आहे."

"तेच आहे," मी म्हणालो.

"सगळ्या पाट्या परत लावा," त्या सुताराला म्हणाल्या. "आणि हे चित्र काचेच्या दाराशी टांगा. पाठ दिसली पाहिजे."

बबन, लोक रांग लावून, चित्र काढून हातात घेऊन ते दार ओलांडत होते. आत एक, बाहेर दोन. पेपरवाल्याने दोनदा ओलांडलं. एक कॉलेजची मुलगी पाटी वहीत उतरवून घेत होती; मी तिला 'शेजवळ'चं शुद्धलेखन तपासून दिलं. तुझं नाव दिवसाला शंभर माणसं वाचत होती, आणि त्यापुढे 'बरोबर' हा शब्द.

तिसऱ्या दिवशी लछूसेठ आले, काठी टेकत, टॅक्सीने. आपल्या मास्तरची चित्रं बघायला. मराठी वाचता येत नाही, म्हणून किसनला म्हणाले, "पढ़." किसनने माझ्याकडे पाहिलं. मी म्हणालो, पढ. त्याने हिंदीत सगळं सांगितलं, एकही शब्द न गाळता. सेठ बराच वेळ चिठ्ठीचं अक्षर बघत राहिले. रोज बघायचे ते अक्षर.

"फिर वो लड़का सच बोलता था?"

"हो सेठ."

"और तू ग्यारह साल मेरे सामने बैठा? मेरे घर की शादी में खाया?"

"हो सेठ."

मला वाटलं काठी उगारतात. ते म्हणाले, "बोर्ड पे नीचे मेरा भी नाम डाल. माल वापस आया तो मैंने भी धूप में खड़ा होके किसी से कुछ नहीं पूछा. जो पहला नाम सुना, उसको निकाला." दुसऱ्या दिवशी पाटीखाली एक ओळ वाढली. आता ते ज्याला त्याला सांगत फिरतात, कॅम्प एकपासून पाचपर्यंत, बबन का हाथ सीधा था. सिंधी माणसाने धंद्यात दिलेला शब्द किती पळतो ते तुला माहीत आहे.

माफी मागायला हे पत्र नाही. मागितली तर ती देण्याचं ओझं पुन्हा तुझ्यावरच. तुझ्यासमोर जे बोलायचं होतं ते मी भर उजेडात, शेकडो माणसांसमोर बोललो, एवढं कळवायचं होतं. मला अभिमान वाटतो. चुकीचा नव्हे, पाटीचा. आयुष्यात मी जुळवलेल्या सगळ्या रंगांत ती सात वाक्यं जास्त चोख जुळली आहेत. आईच्या फोटोसमोर परवा ती मोठ्याने वाचली. बकुळा दारात उभी होती. तिलाही तेव्हाच कळलं. ती दोन दिवस माझ्याशी बोलली नाही, आणि तिसऱ्या दिवशी म्हणाली, "भाऊजींना लिहा." म्हणून आज लिहितोय, तिने सांगितलं नसतं तरी लिहिलं असतं, पण तिने सांगितलं हे खरं आहे.

तू ये अगर येऊ नकोस. चित्र तुझं आहे. प्लायला मागून दोन हुक लावले आहेत, भार तीन किलोपर्यंत पेलतील. ट्यूबखाली टांगू नकोस.

ज्याने चिठ्ठी खिशात ठेवली आणि आता बाहेर काढली,
तो तुझा दादा,
भगवंत

ता. क. शेवटच्या दिवशी एका औषध कंपनीचे मोठे साहेब आले. त्यांना ऑफिसच्या दर्शनी भिंतीला ४१२ पाहिजे होतं. म्हणाले, पाटी काढा, चिठ्ठी काढा, पाठ बंद करून द्या. नाव आम्ही ठेवू. तेलंग बाईंनी मला बाजूला घेऊन विचारलं, "काय सांगू?" माझा पगार महिना बावीसशे आहे. मी म्हणालो, नाही म्हणून सांगा. ते पंचावन्न हजार रुपये देत होते.