मलकच्या अर्जावरची तारीख

लस्साद,

आत्ता केटलीचं झाकण खडखडलं आणि मी केवढी दचकले! मलक झोपलीय तोवर लिहिते.

उद्या पाळणाघराचा परवाना तपासायला बाई येणार, म्हणून मी आज सगळ्या मुलांचे प्रवेशअर्ज लावत होते. आपल्या मलकच्या अर्जावर 'पाळणाघर सोडण्याची तारीख' या रकान्यात येता शुक्रवार लिहिलाय. मुलीला न्यायला येणाऱ्यांच्या यादीत तुझ्या बहिणीचं, जोहराचं नाव चढलंय. ती तर तिकडे लांब गाबेस शहरात राहते! खाली सही तुझी.

आमच्या पाळणाघराच्या प्रमुख मादाम सुआद हसल्या. "अगं, रजिस्टर तू सांभाळतेस आणि स्वतःच्याच लेकीचं तुला ठाऊक नाही?"

मीही हसले. बुधवारी माझी सुट्टी असते, तेव्हाच पाळणाघरात गेला होतास ना?

मी काही खोडलं नाही. पण शुक्रवार उलटेपर्यंत मलक माझ्याबरोबर माझ्या आईकडे राहील. तिथे ये, जोहराला न घेता, आणि काय ठरवलंयस ते मला तोंडावर सांग. चण्यांची लबलाबी झाकून ठेवलीय, गरम करून खा. उपाशी झोपू नकोस.

उठली बघ. दाराशी आमची भरलेली पिशवी पाहून विचारतेय, "आई, बाबा कधी येणार आजीकडे?"