‘पिछला गेट’चे शेवटचे एपिसोड

४ जून

‘पिछला गेट’ ही मालिका बंद होतेय. चौदा वर्षांनी! २६ तारखेला शेवटचा एपिसोड. मला हसूच आलं. त्यातला गोलू नऊ वर्षं सातवीत आहे, आता मिशा फुटल्यात त्याला. मी कॉलेज दुसऱ्या वर्षाला सोडलं तर उज्जैनला आभाळ कोसळलं, बाबांनी मला इथे काकूंच्या हवाली केलं. गोलूला कुणी काही बोलत नाही.

पण माझ्याशिवाय कुणी हसलं नाही. दोन्ही काकू टीव्हीकडे बघत राहिल्या. जाहिरात चालू होती तरी.

५ जून

इथला कायदा एकदा लिहूनच ठेवते.

खाली मोठी काकू. वर शशीकाकू आणि सुरेशकाका. नेहरू नगर, भाड्याचं घर. मोठे काका सहा वर्षांपूर्वी गेले, तेव्हापासून या दोघी जावा एकमेकींशी बोलत नाहीत. का, ते कुणी सांगत नाही. सुरेशकाकांना विचारलं की ते चपला घालून भाजी आणायला जातात. एका दिवसात तीनदा भोपळा आला.

पण संध्याकाळी आठ वाजले की शशीकाकू खाली येते. वर स्वतःचा टीव्ही आहे — त्यावर झालर लावलेलं कापड आहे, कापडावर गणपती! दोघी एका दिवाणावर बसतात आणि मालिकेतल्या लोकांशी बोलतात. म्हणजे एकमेकींशीच.

नमुना. काल मी खालून वर लोणचं पोचवलं होतं. आज पडद्यावर बड़ी भाभी बरणी लपवत होती.

शशीकाकू — या बाईला म्हणावं, मीठ जरा हात राखून घाल.

मोठी काकू — आयतं खाणाऱ्यांना म्हणावं, स्वतः घालून बघा.

दोघी गंभीर. मी उशीत तोंड खुपसलं.

९ जून

ठेल्यावर पोहे-जलेबी खाल्ली. मग तिथून कुणीतरी भोजपूरचं देऊळ बघायला निघालं होतं, तर मीही गेले. निघाले होते सायकलचं पंक्चर काढायला. सायकल अजून दुकानातच आहे.

आठच्या आत आले नाही म्हणून बोलणी बसली. दोघींची. वेगवेगळी.

१२ जून

आज मालिकेची ट्रिक कळली. काल पुत्तनने त्रिपाठीजींच्या धोतराला उदबत्ती लावली, काय तमाशा! आणि आज दोघं मांडीला मांडी लावून चहा पिताहेत. कुणालाच काल आठवत नाही. बावीस मिनिटांत भांडण खलास, पाटी कोरी. लेखकांना आळस आहे, की त्यांना खूप अक्कल आहे?

आमच्याकडे उलट. सहा वर्षं एकच एपिसोड.

१६ जून

घरमालक आला होता. घर पाडून बिल्डिंग उठवणार. ३० तारखेपर्यंत खाली करा.

सुरेशकाकांचा अयोध्या नगरचा फ्लॅट तयार आहे, ते दोघं तिकडे जाणार. मोठ्या काकूचा भाऊ नागपूरला ये म्हणतोय. ती त्याला हो म्हणत नाही, नाही पण म्हणत नाही. वाट बघतेय, हे माझ्यासारख्या बिनडोकीलाही दिसतं. आमच्याबरोबर चला, एवढंच शशीकाकूने म्हणायचंय.

मी वर जाऊन तिला सरळ सांगितलं, विचार ना यार. ती पोळी लाटत होती. म्हणाली, “मला तोंड आहे का विचारायला?”

चांगलं मोठं आहे, म्हटलं मी. लाटणं उगारलं तिने, पण मारलं नाही. हसलीही नाही.

२० जून

विचारलं तिने! आपल्या पद्धतीने.

पडद्यावर सगळे तीर्थयात्रेला निघालेले, बड़ी भाभी दारात उभी. शशीकाकू त्रिपाठीजींना म्हणाली की बिचारीला एकटीला टाकून जाऊ नका, नव्या जागी तिच्यापुरती खोली आहे, खिडकी पूर्वेला आहे.

तीर्थयात्रेत कसली खोली न् कसली खिडकी!

मोठी काकू टीव्हीला म्हणाली, “त्रिपाठीजी कशाला सांगतील? तिची जाऊ मुकी आहे का?”

एपिसोड अर्धा राहिला होता. शशीकाकू उठून वर गेली. असं याआधी कधी झालेलं नाही.

२३ जून

मी आयडिया काढली. जुने एपिसोड मोबाइलवर आहेत, हजाराच्या वर. २६ नंतर रोज एक लावू, किस्सा खतम. मोठी काकू म्हणाली, काही उपयोग नाही. त्यांच्यावरचे टोमणे मारून झालेत.

२६ जून

शेवटचा. मला वाटलं आज तरी सगळ्यांचं काहीतरी होईल. कुठलं काय! तोच चहा, तीच मोडकी खुर्ची, पुत्तन पडला, हसण्याचा आवाज, समाप्त. लेखक शेवटपर्यंत आळशी निघाले.

शशीकाकू पुढे सरकून बसली होती. एक वाक्य सापडावं म्हणून. कुणी जायचं म्हणेल, कुणी थांब म्हणेल. कुणी काही म्हटलं नाही. मग कपड्याच्या साबणाची जाहिरात. दोघींनी तीही पूर्ण बघितली.

मलाच रडू येईल असं वाटलं, म्हणून पान खायला गेले. पान आवडत नाही मला.

२७ जून

मोठ्या काकूने भावाला फोन केला. ३० चं नागपूरचं तिकीट.

२८ जून

दिवसभर खोकी बांधली. टीव्ही खोक्यात गेला. आठ वाजता घर इतकं गप्प की कुकर लावावासा वाटला.

३० जून

सकाळी अयोध्या नगरचा टेम्पो लागला. शशीकाकू जिना उतरली आणि सरळ मोठ्या काकूसमोर येऊन उभी राहिली.

“वहिनी, दादा गेले त्या संध्याकाळी ते आतून हाका मारत होते. तुम्ही उठला होतात. ब्रेक होऊ द्या, मग जा, असं मी म्हटलं.”

मोठ्या काकूने तिच्याकडे बघितलं.

“म्हटलंस तू. थांबले मी.”

मग म्हणाली, “शशी, माझी खाट जड आहे. तुझ्या टेम्पोवाल्याला दोन माणसं लागतील.”