आठ पावलांचं अंतर

१२ जानेवारी १९९९
भरपाईच्या दाव्यासाठी वकिलांनी मागितलेला तपशील.
१. ९ फेब्रुवारी १९९८, दुपारी सव्वाबारा. मुरगूड रस्त्यावरचा फाटा. दुधाच्या टेंपोची धडक. प्रसेनजीत, वय सात, जागीच गेला. माझ्या दादाचा एकुलता मुलगा.
२. सोबत फक्त वहिनी. मुरगूडच्या माहेरहून परत येत होती, एसटीसाठी थांबलेली.
३. पंचनाम्यानुसार मुलगा डांबराच्या आत सहा फूट. म्हणजे धावत रस्त्यात गेला.
४. वहिनी म्हणते, हात धरून कडेलाच उभा होता.
चौथा मुद्दा कुणीच धरत नाही. आई तर नाहीच.

१५ जानेवारी
विमा कंपनीला तडजोड हवी आहे. अट एक – चूक मुलाची, हे मान्य करायचं. ८ फेब्रुवारीला सह्या. आईबाप दोघांच्या.
सकाळी आई वहिनीला म्हणाली, "एक हात धरून ठेवायला जमलं न्हाय, भाकरी मातूर गोल जमत्यात." वहिनीने भाकरी उलटली.

१७ जानेवारी
रविवार. दादा नोकरीच्या गावाहून, राधानगरीहून आला. म्हणाला, "मिटवून टाकू. कोर्टात परत परत तेच ऐकायचं व्हय?" मी विचारलं, वहिनीवरचा ठपका? तो अंघोळीला गेला.

२१ जानेवारी
ऑफिसचा मोजायचा टेप घेऊन फाट्यावर गेले. पंचनाम्यात लिहिलंय – धडकेची जागा कडुलिंबापासून रस्त्याकडे आठ पावले, चोवीस फूट. कडुलिंब ते डांबराची कड मी तीनदा मोजली. अठरा फूट.
पाऊल म्हणजे तीन फूट, हे कुणी ठरवलं?

२४ जानेवारी
पंचनामा करणारे गुंडू हवालदार आता निवृत्त आहेत. उंचीने माझ्या खांद्याला लागतात. अंगणात चालायला सांगितलं तर म्हणाले, "बाई, तुमी इंजिनियर हाय का शिंपी?" पण चालले. तीन वेळा, दहा-दहा पावलं. सरासरी पाऊल दोन फूट एक इंच.
"मग तीन फूट का लिहिलं?"
"समदे तसंच लिवत्यात की."
आठ पावलं म्हणजे सोळा फूट आठ इंच. डांबराच्या बाहेर एक फूट चार इंच.
तो कडेला उभा होता!
येताना एसटीत बसायला जागा असून उभी राहिले.

२५ जानेवारी
नकाशा काढला. दोनदा पुसला.

२९ जानेवारी
वकील नकाशा पाहून म्हणाले, "मापं ठीक. पण ह्या जबाबाचं काय करायचं?" पोलिसांच्या कागदांत मागे लावलेला. 'माझ्या डोळ्यांदेखत मुलगा आईचा हात झटकून धावला.' खाली दादाची सही.
त्या दिवशी राधानगरीला फोन मीच लावला होता. तो साडेतीनला पोचला.

३१ जानेवारी
दादाला गच्चीवर नेऊन विचारलं.
"मयत ताब्यात द्यायला सही लागतीया म्हणाले. केली."
"जबाब वाचला नाहीस?"
"न्हाय."
"नंतर?"
"नक्कल मिळाली तवा. त्याच आठवड्यात."
वर्ष होत आलं. आई रोज बोलते आणि हा समोर जेवतो.
मी म्हटलं, खाली चल, आत्ता सांग. तो चप्पल घालून स्टँडवर गेला.

२ फेब्रुवारी
दादाला कडक पत्र लिहिलं. टाकण्याआधी वहिनीला वाचून दाखवलं, तिला कळायलाच हवं म्हणून. ती तांदूळ निवडत होती. म्हणाली, "त्यांच्या पेटीत मी तो कागद तेव्हाच बघितला. आपणहून सांगतील म्हणून थांबले." माझं पत्र फाडायला लावलं. तिने सांगितलं तसं लिहिलं. सही तिची.

'सविनय जयभीम. तडजोडीवर मी सही करणार नाही. उद्या मुरगूडला जाते. जबाब खोटा आहे हे तुम्ही आधी सासूबाईंना आणि मग कोर्टात सांगणार की नाही, ते रविवार, ७ तारखेपर्यंत कळवावे.'